पोटातल्याचं कार्ड

प्रिय मामा,

पत्र बघून दचकू नका. कुणी मेलेलं नाही, मला पोलिसांनी धरलेलं नाही आणि मी कुणाच्या पोरीला पळवलेलंही नाही. पाचवी सोडल्यापासून मी पेन हातात धरलं ते कानावर खोचायलाच, हे तुम्हीच गावभर सांगता, तेव्हा अक्षर कसं का असेना, चालवून घ्या. तीन रविवार झाले हे लिहितोय. पहिल्या रविवारी 'प्रिय मामा' एवढं लिहून झालं आणि पुढे हातच चालेना. शेजारच्या खाटेवरून आपल्या गावचा बिझविक म्हणाला, "प्रेमपत्र आहे का रे? घाम फुटलाय तुला." मी म्हटलं, प्रेमपत्र असतं तर केव्हाच झालं असतं.

इथे जोहान्सबर्गला माझं बरं चाललंय. आधी बागेत होतो, मग गाड्या धुतल्या, मग फरशा बसवल्या. फरशीवाल्या मुकादमाशी माझं वाजलं. तुम्ही म्हणाल, याच्या बुडाला मुंग्याच आहेत, हा एका जागी बसायचा नाही. खरं आहे. आता पोहण्याचे तलाव साफ करतो. इथल्या मोठ्या लोकांच्या अंगणात निळ्या पाण्याचे खड्डे असतात. त्यात कुणी पोहताना मी अजून बघितलेलं नाही, पण पानं पडतात आणि ती काढायला माणूस लागतो. लांब काठीला जाळी लावलेली असते. मासे पकडायच्या नादात शाळा सोडली, तुम्ही वेताची छडी घेऊन नदीपर्यंत मागे आला होतात, आठवतं? शेवटी नशिबात जाळीच आली. मासे तेवढे नाहीत.

रविवारी आम्ही मलावीची दहाबारा पोरं एका झाडाखाली जमतो. एक बाई मक्याच्या पिठाचा न्सिमा आणि सुके मासे विकते, अगदी आपल्यासारखा घट्ट न्सिमा, हाताला चिकटत नाही. पोट भरलं की भांडण सुरू होतं, आणि भांडण कशावरून तर त्या म्हाताऱ्या अध्यक्षावरून. तो जाऊन इतकी वर्षं झाली, आमच्यातल्या निम्म्यांचा तर तेव्हा जन्मही झाला नव्हता. माझाच नव्हता. मी जन्मलो तेव्हा त्याला पुरून वर्ष होत आलं होतं. तरी आम्ही असे तावातावानं बोलतो, जसा काही तो सकाळीच समोरून गाडीतून गेला. बिझविक म्हणतो, "त्याच्या काळात घराला कुलूप लागत नव्हतं." दुसरा म्हणतो, "लागेल कशाला? कुरकुर करणाऱ्याला मगरींसमोर टाकायचे. उरलेली माणसं शहाणीच होणार." बिझविक म्हणतो, "रस्ते कुणी केले? खत स्वस्तात कुणी दिलं? आता पेट्रोलला दोन दिवस रांग लावावी लागते." मग ती मासे विकणारी बाई मधे पडते. म्हणते, "बिझविक, तू जास्त बोलू नकोस. तुझ्या या जटा त्यानं बघितल्या असत्या तर विमानतळावरच कात्रीनं उडवल्या असत्या, आणि मी आज ही पँट घातलीय म्हणून मला आत टाकली असती." सगळे हसतात. बिझविकही हसतो, पण हट्ट सोडत नाही. आत्ताचे चोर बघितले की जुना दरोडेखोर गोड लागतो, असं कुणीतरी म्हणतं आणि भांडण तिथंच मिटतं. पुढच्या रविवारी तेच.

मी या भांडणात कधी तोंड घालत नाही. सगळे म्हणतात, दालित्सो एवढा बडबड्या आणि याच विषयावर गप्प कसा? मी काय सांगू? तुमच्या घरात मी वाढलो. तुमच्या भिंतीवर तो म्हातारा हातात गाईच्या शेपटीची चवरी घेऊन अजून उभा आहे. घड्याळ त्याच्या खाली, कॅलेंडर त्याच्या खाली, माझ्या बाप्तिस्म्याचा फोटो तर पार दाराच्या कडीजवळ. मी एकदा विचारलं होतं, मामा, घड्याळ इतकं खाली का, डोकं आपटतं. तुम्ही म्हणालात, "त्याच्या वर काही टांगायचं नाही." मी म्हटलं, आता तर कायदा नाही. तुम्ही म्हणालात, "कायदा नसेल, मी आहे ना."

मामा, मला तुमची बाजू समजत नाही असं नाही. तुम्हीच सांगितलंय, तुमच्या लहानपणी घरात एक शर्ट होता आणि भाऊ दोन. एक जण चर्चला जायचा तेव्हा दुसरा घरात बसायचा. मग पक्षाच्या पोरांनी तुम्हाला लाल शर्ट दिला, बूट दिले. त्या शर्टाला खिसा होता. तुमच्या आयुष्यातला पहिला खिसा. त्यात ठेवायला काही नव्हतं म्हणून तुम्ही त्यात हात घालून फिरायचात. तुम्ही आलात की गावचा मुखिया स्टुलावरून उठायचा. ज्यानं हे दिलं त्याला तुम्ही कसे विसरणार? आणि मी तुम्हाला कसा विसरणार? मला ताप डोक्यात चढला तेव्हा तुम्ही सायकलच्या मागच्या कॅरियरला मला स्वतःच्या पाठीशी बांधलंत आणि घाट चढून दवाखान्यात नेलंत. मला त्यातलं एकच आठवतं, तुमच्या पाठीचा घाम माझ्या गालाला लागत होता आणि तुम्ही मोठ्यानं पक्षाची जुनी गाणी म्हणत होतात, मी झोपू नये म्हणून. माझ्या बापानं मला फक्त नाक दिलं. बाकी सगळं तुम्ही. आपल्यात मामाच तर घर धरून असतो, बाप पाहुणाच. म्हणून तर त्या म्हाताऱ्यानंही स्वतःला देशातल्या सगळ्या बायकांचा मोठा मामा म्हणवून घेतलं. बापापेक्षा त्याचं वजन जास्त, हे त्यालाही माहीत होतं.

आणि आई. आईनं त्याच्यासाठी किती नाच केला हे मी इतरांकडूनच ऐकलं. ट्रक यायचा, बायकांना भरून न्यायचा, हो-नाही विचारायची पद्धत नव्हती. माझी मोठी बहीण तेव्हा अंगावर पीत होती, तिला शेजारणीकडे टाकून आई तीन-तीन दिवस मैदानात नाचली. पण हेही खरं की त्या दिवसांविषयी बोलताना आईचा चेहरा बदलायचा. म्हणायची, "पोटभर मांस मिळालं. शहर बघितलं. शंभर बायका एका पायावर वळायच्या तर धूळ कशी उडायची!" त्याच्या चेहऱ्याचं छापील कापड तिला तिथंच मिळालं. पेटीत कडुलिंबाचा पाला घालून ठेवलेलं. मी एकदा चिडवलं होतं, आई, मेलेल्या माणसाला पेटीत ठेवलंयस. ती म्हणाली, "त्यानं कापड तरी दिलं. तुझ्या बापानं डोक्याला बांधायला चिंधी नाही दिली." मला अजून कळत नाही, तिचे ते दिवस सुखाचे होते की जबरदस्तीचे. बहुतेक तिलाही कुणी कधी विचारलं नाही.

आता साखरपुड्याकडे येतो. मागच्या साली कापणीनंतरची गोष्ट, सव्वा वर्ष झालं. त्यावर आपण दोघं एक शब्द बोललेलो नाही.

एनेलेसीच्या घरचे यहोवावाल्या पंथाचे, हे तुम्हाला माहीत होतं. तुम्ही नाक मुरडलं होतं, "झेंड्याला सलाम न करणारी, पक्षाचं कार्ड न घेणारी माणसं." पण मी वर्षभर त्यांच्या सभेला जाऊन बसत होतो, निम्मा वेळ झोपेत का असेना, आणि तुम्ही शेवटी म्हणालात, पोरगी चांगली आहे, कोंबडा मीच घेऊन जाणार. तुम्ही नेलातही. काय कोंबडा होता तो! लाल, तुर्रेबाज. आपला मामा कोंबडा देणार, त्यांचा मामा येरेमिया कोंबडी देणार, दोघांनी हात मिळवले की लग्न ठरलं. सकाळी निघताना आईनं पेटी उघडली आणि ते कापड काढून खांद्यावर टाकलं. तिच्याकडे त्याहून चांगलं काही नव्हतंच. तुमच्या कोटाला त्याच म्हाताऱ्याचा बिल्ला होता. आईला बघून तुम्ही टाळी वाजवलीत, म्हणालात, "वा फालेसी! आज मोठा मामाही आपल्याबरोबर येणार!"

हे वाक्य मला अक्षरशः आठवतं. तुम्हालाही आठवत असणार.

त्यांच्या अंगणात सगळं नीट चाललं होतं. कोंबडा गेला, कोंबडी आली, दोघा मामांनी हात मिळवले. एनेलेसी आणि मी चटईवर खाली मान घालून बसलो होतो, रीतीप्रमाणे. पुरुषांच्या बाजूला तुमचा आवाज चढला. तुम्ही आनंदात होतात. मग तो हशा आला. मामा, मी मान वर केली नाही, पण तो हशा मला ओळखू आला. तो तुमच्या गिरणीच्या गोष्टीचा हशा होता.

ती गोष्ट मी लहानपणापासून ऐकतोय. लाल शर्ट घालून तुम्ही बाजारातल्या गिरणीच्या दारात उभे. पक्षाचं कार्ड असेल त्याचाच मका दळायचा. रांगेत एक बाई आली, डोक्यावर टोपली, पोट हे एवढं. तुम्ही म्हणालात, कार्ड? ती म्हणाली, आम्ही घेत नाही. तुम्ही म्हणालात, "बरं बाई, तुझं नसेल तर नसो, पोटातल्याचं तरी दाखव!" इथं सगळे हसायचे. मग तुम्ही थोडं थांबायचात आणि म्हणायचात, "आणि तिनं खरंच खाली पोटाकडे बघितलं हो!" इथं दुसऱ्यांदा हसायचे, पहिल्यापेक्षा मोठ्यानं. मीही हसायचो. मला तर तुम्ही कुठं थांबता तेही पाठ होतं. नदीवर पोरांना ती गोष्ट मी तुमचा आवाज काढून सांगितलीय.

त्या दिवशी आपल्या बाजूचे दोनदा हसले. त्यांच्या बाजूनं कुणी हसलं नाही. एनेलेसीची आजी दोरिका हात धुवायचं पाणी घेऊन पाहुण्यांमधून फिरत होती. तिनं तांब्या खाली ठेवला. आदळला नाही, ठेवला. आणि आत गेली. येरेमिया तिच्या मागून गेला. बराच वेळ गेला. त्यांच्या बायका आपसात कुजबुजत आईच्या खांद्याकडे बघायला लागल्या. मग येरेमिया बाहेर आला, काखेत आपलाच कोंबडा. तुमच्यासमोर ठेवून म्हणाला, "हा तुमचा तुम्ही न्या. आमच्या अंगणात आरवायला नको." कारण विचारलं तर म्हणाला, कारण नाही.

तेव्हा तुम्ही आईकडे वळून म्हणालात, "फालेसी, तुला सांगितलं होतं, दुसरं कापड घे."

मामा, तुम्ही सांगितलं नव्हतं.

आणि मी काय केलं ते सगळ्या अंगणानं बघितलं. मी आईच्या खांद्यावरचं कापड ओढलं. म्हटलं, "या मेल्याला नाचून जगवलंस, आता माझ्या लग्नात आणलंस?" आणखीही बोललो, ते लिहवत नाही. कापड न्सिमाच्या हंड्याखालच्या जाळात टाकलं. ते लगेच पेटलं नाही, जुनं घट्ट विणीचं होतं. म्हाताऱ्याचा चेहरा आधी कपाळाकडून काळा झाला. आई पुढे झाली आणि हातानं ठिणग्या विझवत हंड्यावर झाकण ठेवलं. म्हणाली, "लोकांच्या घरचं अन्न आहे, राख पडेल." बस, एवढंच. तिच्या तळव्याला फोड आले होते, ते मी दोन दिवस बघितले आणि तिसऱ्या दिवशी कुणाला न सांगता सरहद्दीची बस पकडली.

मला तेव्हा खरं कारण माहीत नव्हतं, असं मी स्वतःला वर्षभर सांगत आलो. पण तो हशा मला ओळखू आला होता, मामा. ते हसू, तो तांब्या, त्या म्हातारीची पाठ, सगळं मी एका ओळीत बघितलं होतं. पण तुमच्यावर चिडायचं म्हणजे उभ्या आयुष्यावर चिडायचं. आईवर चिडणं सोपं होतं. ती कधी उलटून बोलत नाही.

इथं आल्यावर चारेक महिन्यांनी माझा हात कापला. एका सरकारी दवाखान्यात गेलो. फाटकात पाचसहा पोरं, सगळ्यांचे शर्ट एकाच रंगाचे. परदेशी लोकांनी आत जायचं नाही म्हणत होती. माझ्यापुढं एक पोटुशी बाई होती, बोलण्यावरून झिंबाब्वेची. एक पोरगा केळं खात होता. त्यानं तिच्या पोटाकडे बघितलं आणि काहीतरी बोलला. बाकीचे फुटून हसले. मला त्यांची भाषा अजून नीट येत नाही. पण तो काय बोलला ते मला कळलं. शप्पथ सांगतो, दुसऱ्यांदा हसतील त्याची मी वाट बघत होतो. आणि ते हसले. त्या पोराच्या तोंडावर राग नव्हता, मामा. मला वाटलं होतं अशा माणसाच्या तोंडावर राग असेल. तो मजेत होता. विशीतला असेल, नवे बूट होते. त्या बाईनं वळून जाताना माझ्याकडे बघितलं, मी काही करीन म्हणून नव्हे, असंच. मीही रांगेतून निघालो आणि हाताला फडकं बांधून कामावर गेलो. अजून ते बोट पूर्ण वाकत नाही.

मग मागच्या महिन्यात एनेलेसीचा फोन आला. सव्वा वर्षात पहिल्यांदा. म्हणाली, तिचं लग्न झालंय, त्यांच्याच मंडळीतल्या एका सुताराशी, माणूस बरा आहे. दुसऱ्या कुणाकडून कळण्यापेक्षा मीच सांगावं म्हणून फोन केला. मी म्हटलं, सुखी राहा. दुसरं काय म्हणणार? फोन ठेवायच्या आधी ती म्हणाली, "दालित्सो, एक ऐक. कापडाचा राग कुणालाच नव्हता. आजी म्हणाली होती, बाईनं तिच्याकडचं सगळ्यात चांगलं अंगावर घेतलंय, आपला मान ठेवलाय. तुझ्या आईला दोष देऊ नकोस."

आणि मग तिनं सांगितलं. एनेलेसीला तिच्या आजीनंच वाढवलं, पण ही गोष्ट आजीनं घरात कधी काढली नव्हती. कोंबडा परत केल्यावरच सांगितली. गिरणीतली ती बाई दोरिकाच होती. दळण न करताच ती टोपली घेऊन घरी आली, उखळात मका कुटला. आठवड्यानं लाल शर्टवाले त्यांच्या वस्तीत आले, छपरं पेटवली. त्यात तुम्ही होतात असं ती म्हणत नाही, तिला माहीत नाही. दिवसाउजेडी, पावसात, चिखलातून ती माणसं डोंगर उतरून मोझांबिकमध्ये गेली. पलीकडे एका झाडाखाली दोरिका बाळंत झाली. मुलगी होती. दोन दिवस जगली. परत आल्यावर ते दुसऱ्या गावाला राहिले, म्हणून तुम्हाला कधी ओळख पटली नाही. तिलाही तुमचा चेहरा आठवत नव्हता. चेहरा बदलतो. पण तुम्ही ज्या आवाजात गोष्ट सांगितलीत आणि जिथं थांबलात, तिथं ती उभी होती, हातात पाणी घेऊन.

एक आणखी सांगतो, मग हे सोडतो. एनेलेसी म्हणाली, आजीनं त्या दिवशी पोटाकडे बघितलं ते कार्डासाठी नाही. त्याच वेळी बाळ आत हललं होतं, म्हणून तिनं खाली बघितलं.

मामा, मी तुमच्यावर ओरडायला हे लिहीत नाही. तुम्ही विशीत होतात, तुम्हाला खिसा मिळाला होता. मीही ती गोष्ट नदीवर सांगितली आणि तीही आवाज काढून. तो म्हातारा चांगला की वाईट यावर मला रविवारी त्या झाडाखाली अजूनही बोलता येत नाही. रस्ता त्यानंच केला, त्याच रस्त्यानं तुम्ही मला दवाखान्यात नेलंत, आणि त्याच्याच नावानं तुम्ही गिरणीच्या दारात उभे राहिलात. या दोन गोष्टी मी एका जागी ठेवून बघतो आणि मला काही सुधरत नाही. येरेमिया म्हणे आजीला म्हणाला होता, सरकारनं माफी मागायला हवी. आजी म्हणाली, "सरकार मला ओळखत नाही. त्या माणसानं मला बघितलं होतं."

एप्रिलमध्ये, पाऊस ओसरला की मी गावी येतोय. माझ्या लग्नासाठी नाही, ते संपलं. आपल्यात माणसाकडून चूक झाली तर त्याचा मामा त्याच्या वतीनं जाऊन खाली बसतो, मान म्हणून हलके टाळ्या वाजवतो आणि बोलतो. तुमचा मामा गेला, त्याचा भाऊही गेला. मग रीतीनं ते काम बहिणीच्या मुलाकडे येतं. माझ्याकडे. मी दोरिका आजीच्या अंगणात जाऊन बसणार आहे. गिरणीबद्दल बोलीन, माझ्या नदीवरच्या नकलांबद्दलही बोलीन. ती आत यायला सांगेल किंवा निघून जायला सांगेल. पण "तो मी होतो" हे वाक्य मला तुमच्या वतीनं म्हणता येत नाही, मी खूप प्रयत्न करून बघितला. तेवढं तुमचंच आहे. तुम्ही बरोबर आलात तर मी सायकल हाकीन, तुम्ही मागे बसा.

आणि आता हे पत्र का लिहिलं ते. आईशी मी दर रविवारी फोनवर बोलतो. मका कसा, बरा. हात कसा, बरा. पण बिझविकच्या आईनं त्याला सांगितलं की फालेसी हल्ली कुणाच्या लग्नाला जात नाही. बोलावणं आलं तर म्हणते, "नको गं, माझ्या अंगावरच्या कापडानं पोराचं लग्न मोडलं." मी फोनवर दोन वाक्यांत तिला खरं सांगू शकलो असतो. पण मी सांगितलं तर ते तुमच्या पाठीमागे सांगणं होईल, आणि त्या अंगणात खोटं तुम्ही तिच्या तोंडावर बोलला होतात. म्हणून गावी निघालेल्या बिझविकला सांगितलंय, हे पत्र मामाला नाही, आईच्या हातात दे. तिला वाचता येत नाही. ती ते तुमच्याकडेच आणणार, आणि आता समोर चटईवर पाय लांब करून बसली असेल. मी काय लिहिलंय म्हणून तुमच्या तोंडाकडे बघत असेल. तुम्ही इथवर मोठ्यानं वाचत आलात की मनातल्या मनात, ते मला इथून कळायचं नाही. "पोरगं बरं आहे, सगळ्यांची आठवण काढतंय" एवढं म्हणून तुम्ही पत्राची घडी घातलीत तरी ती मान डोलवेल आणि काही विचारणार नाही. तिनं कधी काही विचारलेलं नाही. तिथं दारात कुणी उभं नाही मामा, तुम्हाला कुणी अडवत नाही. पण मनातल्या मनात वाचलं असेल तर पुन्हा पहिल्या पानावर जा आणि मोठ्यानं वाचा. माझं तिच्याशी बोललेलं, तुमचं तिच्याशी बोललेलं, काही गाळू नका. तिला डाव्या कानानं कमी ऐकू येतं. उजवीकडे बसा.

तुमचाच,
दालित्सो